आजीची ताटली, चिमणीचं घरटं आणि शर्कतची लढाई

पोस्ट थोडी लांबली आहे. चहा घेऊन निवांत वाचा.

यंदा २० मार्चला, म्हणजे चिमणी दिनाला, नातीनं शाळेतून लाकडी खोकं आणलं. "आजोबा, हे भिंतीवर लावायचं, चिमणी राहायला येईल." मी हातोडी घेतली, खिळा ठोकायला गेलो, तर स्लॅबच्या घराची काँक्रिटची भिंत, तीन खिळे वाकले. चौथा बसला एकदाचा. खोकं लावून खाली उतरलो आणि एकदम साठ वर्षांपूर्वीची एक मातीची भिंत डोळ्यांसमोर आली. तिच्यावर पुढं कललेली एक चौकट आणि चौकटीमागं चिमणीचं घरटं. ते आज लिहून ठेवतोय. पुढं का लिहून ठेवतोय तेही कळेल.

माझा जन्म १९५१ चा, बेळगावच्या कॅम्प भागातला. आजोबांचं छोटं किराणा दुकान होतं. घर जुनं, मातीच्या भिंती, वर कौलं, आढ्याला सागाचे वासे. त्या काळात चिमण्या घरात "येत" नसत, त्या घरात "असत". आई सूप घेऊन ओसरीवर तांदूळ पाखडायला बसली की दहा-पंधरा चिमण्या अंगणात हजर. रस्त्याच्या कडेला टांगे उभे असायचे, घोड्यांच्या तोबऱ्यातून हरभरा सांडायचा, तिथं दुसरा थवा. चिमण्या धुळीत न्हायला लागल्या की आजी म्हणायची, "वाळवण काढा, पाऊस येतोय." आणि पहाटे पलटणीचा बिगुल. आमच्या घरात गजराचं घड्याळ नव्हतं. बिगुल झाला की वडील उठायचे, आणि बिगुलामागोमाग आढ्यात चिवचिवाट सुरू व्हायचा. लहानपणी मला वाटायचं, चिमण्यासुद्धा पलटणीतच नोकरीला आहेत.

आमच्या शेजारी एक सुभेदार राहायचे. मराठा लाइट इन्फंट्रीतून निवृत्त झालेले, दुसऱ्या महायुद्धात इटलीला जाऊन आलेले. मूळचे सातारकडचे, पण नोकरी संपल्यावर इथंच घर केलं. बेळगावात अशी कितीतरी घरं आहेत, पलटणीसाठी आलेली आणि मग इथलीच होऊन गेलेली. आम्ही त्यांना सुभेदारकाका म्हणायचो. त्यांची आई होती, साठीच्या पुढची, हिरव्या काठाचं लुगडं, कपाळ मोकळं. तिला सगळी आळी आजीच म्हणायची.

त्यांच्या माजघरात भिंतीवर एक लाकडी चौकट होती. तीत बशीएवढी, जड, तपकिरी धातूची गोल ताटली बसवलेली. तीवर एक उभी बाई, तिच्यापुढं सिंह, आणि एका चौकोनात उठावाची इंग्रजी अक्षरं. चौकट वरून पुढं कललेली, त्यामुळं मागं वीतभर जागा. तिथं दर वर्षी चिमणी घरटं करायची. काड्या, सुतळी, कोंबडीची पिसं सगळं खाली पडायचं. सुभेदारकाकांची बायको वैतागायची, पण आजी काढू द्यायची नाही. म्हणायची, "ऱ्हाऊ दे. तेवढीच त्यास्नी सोबत."

त्यास्नी म्हणजे कुणाला, ते मला पाचवीत गेल्यावर कळलं. शाळेत इंग्रजी नुकतं सुरू झालं होतं. आजीनं एक दिवस हाक मारली, "पोरा, तुला विंग्रजी येतंय न्हवं? ह्यावर काय लिवलंय वाच बगू." मी पाटावर चढलो, अक्षरं लावली आणि मोठ्यानं वाचलं. आजीनं मान हलवली, "न्हाय, असं न्हाय." पुन्हा वाचलं. पुन्हा मान हलली. ते नाव मराठी माणसाचं होतं, पण लिहिलं होतं कुणा साहेबानं, त्यामुळं स्पेलिंग कसंतरीच. मी म्हटलं, "आजी, मग तूच सांग ना बरोबर नाव काय ते." तर तिनं पदर तोंडाला लावला. नवऱ्याचं नाव ती कसं घेणार? शेवटी तिसऱ्या वेळी मी अंदाजानं नीट उच्चारलं, तेव्हा तिनं मान डोलावली. एवढंच म्हणाली, "हां. तेच." आणि आत निघून गेली.

तिचा नवरा पहिल्या महायुद्धात गेला. सुभेदारकाका तेव्हा पाळण्यात होते.

आता थोडा इतिहास, कारण आपल्याकडं शर्कत हे नाव कॅम्पातल्या लोकांनाही पाटीपुरतंच ठाऊक असतं.

पहिल्या महायुद्धात मराठा पलटणींचा मोठा भाग मेसोपोटेमियात, म्हणजे आजच्या इराकमध्ये लढला. समोर होतं तुर्कांचं उस्मानी साम्राज्य. सुरुवातीला गेलेली सहावी पुणे डिव्हिजन, तीत १०३, ११० आणि ११७ या तीन मराठा पलटणी होत्या. जनरल टाउनशेंड त्यांना टायग्रिस नदीच्या काठानं बगदादच्या रोखानं घेऊन गेला, टेसिफोनला अडला आणि मागं सरून कुत या गावात वेढ्यात सापडला. ७ डिसेंबर १९१५ ते २९ एप्रिल १९१६ असा तो वेढा चालला. धान्य संपत आलं, घोडे आणि खेचरं कापून खायची वेळ आली. आपल्या जवानांपैकी अनेकांनी ते मांस बरेच दिवस तोंडाला लावलं नाही. धर्माचा प्रश्न, आणि गावी परतल्यावर भावकी काय म्हणेल ही भीती. शेवटी सुमारे तेरा हजार माणसं शरण गेली आणि त्यांतली हजारो कैदेत, वाळवंटातल्या पायपिटीत मेली.

त्यानंतर इंग्रजांनी नव्यानं फौज उभी केली आणि ११ मार्च १९१७ ला बगदाद घेतलं. युद्धाच्या अगदी शेवटी, ऑक्टोबर १९१८ मध्ये, मोसुलच्या दिशेनं टायग्रिसच्या काठानं चढाई झाली. या चढाईत शर्कत हे ठिकाण आहे. तिथं ११४ वी मराठा पलटण लढली. या एका लढाईत त्या एका पलटणीला २८ शौर्यपदकं मिळाली. मराठा पलटणीला एकाच लढाईत मिळालेली ही सर्वांत जास्त पदकं. ३० ऑक्टोबरला तुर्की सेनापती इस्माईल हक्की शरण आला. त्याच दिवशी मुद्रोस बंदरात युद्धबंदीच्या करारावर सह्या झाल्या आणि दुसऱ्या दिवशी दुपारी बारापासून तोफा थांबल्या.

तारखा पुन्हा एकदा बघा. जे शर्कतला पडले, ते युद्ध संपायला दोन-तीन दिवस उरले असताना पडले. आजीचा नवरा त्यांतला.

१९२२ साली हिंदी सैन्याची फेररचना झाली. सहा मराठा पलटणी मिळून पाचवी मराठा लाइट इन्फंट्री ही रेजिमेंट झाली. ११४ वी पलटण प्रशिक्षणाची पलटण बनली आणि तिचा मुक्काम बेळगावात पडला. आज आपण ज्याला मराठा सेंटर म्हणतो त्याचं मूळ हे. म्हणून तर मराठा सेंटरमधल्या युद्धस्मारकाला शर्कतचं नाव आहे. जी पलटण तिथं लढली, तीच इथं येऊन नव्या पोरांना कवायत शिकवायला लागली. आपल्या गावातल्या स्मारकाला इराकमधल्या गावाचं नाव का, हा प्रश्न मला वयाच्या पन्नाशीपर्यंत पडलाच नव्हता, ही माझी कबुली.

सुभेदारकाकांबरोबर एकदा मी आत गेलो होतो. माजी सैनिकांचा काही कार्यक्रम होता, साल बहुधा १९६८. मी कॉलेजात. स्मारकापुढं काका ताठ उभे राहिले, सलाम केला आणि बराच वेळ हात खाली घेतलाच नाही. बाहेर पडताना म्हणाले, "मी इटलीत तिबर नदीच्या खोऱ्यात होतो. तिथं आपला यशवंत घाडगे पडला. त्याला व्हिक्टोरिया क्रॉस मिळाला, सगळ्यांना नाव ठाऊक झालं. चांगलंच झालं. पण माझ्या बापाचं नाव कुठल्या दगडावर हाय, सांग बघू?" मला उत्तर देता आलं नाही. (नाईक यशवंत घाडगे, माणगाव तालुक्यातले, १० जुलै १९४४ ला वयाच्या बाविसाव्या वर्षी गेले. त्यांचीही समाधी नाही. कॅसिनोच्या स्मारकावर नाव आहे आणि २०२३ साली इटलीतल्या मोंतोने गावात त्यांच्या स्मरणार्थ सूर्यघडी उभारली गेली.)

पुढं मी बी.कॉम. झालो, १९७३ साली बँकेत लागलो आणि अडतीस वर्षं नोकरी केली. त्यातली बरीच वर्षं पेन्शनच्या काउंटरशी संबंध आला. नोव्हेंबर आला की हयातीच्या दाखल्यासाठी रांग लागायची. त्यात सैनिकांच्या विधवा असायच्या. "मावशी, यजमानांचं नाव?" असं विचारलं की त्या शेजारच्या बाईकडं बघायच्या. ती नाव सांगायची. शेजारी कुणी नसेल तर पासबुक पुढं सरकवायच्या आणि बोट ठेवायच्या. नवे कारकून हसायचे. मला मात्र दर वेळी तोंडाला पदर लावलेली आजी आठवायची.

एका शाखेत अशाच एका बाईंची पेन्शन आठ महिने अडकली. कारण काय, तर एका कागदावर नवऱ्याच्या नावात एक अक्षर वेगळं. पैसा होता, मंजुरी होती, बाई समोर बसलेली होती, पण नाव जुळत नव्हतं. कागद या कचेरीतून त्या कचेरीत फिरत राहिला. तेव्हा मी शिकलो की नाव ही किती मोठी गोष्ट आहे. आकडा चुकला तर संध्याकाळी टॅली करताना सापडतो. नाव चुकलं तर माणूस हरवतो.

हे आकड्याचं आणि नावाचं सांगतो, कारण काकांच्या प्रश्नाचं उत्तर मला निवृत्तीनंतर सापडलं, आणि ते बँकवाल्याला लगेच कळावं असं आहे.

मेसोपोटेमियात गेलेल्या आणि समाधी नसलेल्या सैनिकांसाठी बसऱ्याला मोठं स्मारक आहे. १९२९ साली त्याचं अनावरण झालं. चाळीस हजारांहून जास्त माणसांचं ते स्मारक. त्यावर गोऱ्या सैनिकांची नावं कोरलेली, हिंदी अधिकाऱ्यांची नावं कोरलेली. पण हिंदी शिपाई, नाईक, हवालदार? त्यांच्यासाठी पलटणीचं नाव आणि पुढं "आणि इतके इतर हिंदी सैनिक" असा आकडा. म्हणजे आमच्या भाषेत, खतावणीत प्रत्येकाचं पान होतं, पण दगडावर फक्त एकूण बेरीज गेली. १९९७ साली हे स्मारक मूळ जागेवरून हलवून वाळवंटात, नासिरियाच्या रस्त्यावर नेऊन उभं केलं. आज तिथं जाणारं कोण?

आपल्याकडच्या गावागावांतही हेच. सातारा-रत्नागिरीकडच्या कितीतरी गावांत संगमरवरी पाटी दिसते: या गावातून इतके गडी १९१४ ते १९१९ च्या महायुद्धात गेले, त्यांतले इतके मेले. आकडे दोन, नाव एकही नाही. साताऱ्याजवळच्या अपशिंगे गावातून पहिल्या महायुद्धात ४६ जण गेले ते आलेच नाहीत. आज त्या गावाला लोक अपशिंगे मिलिटरीच म्हणतात.

२०२१ साली राष्ट्रकुल युद्धसमाधी आयोगानं स्वतःच एक चौकशी अहवाल काढला आणि जाहीर माफी मागितली. आशिया-आफ्रिकेतल्या पंचेचाळीस ते चोपन्न हजार मृतांना असमान वागणूक मिळाली, आणि किमान एक लाख सोळा हजार जणांची नावानं नोंदच झाली नाही किंवा अजिबातच झाली नाही, असं त्यात आहे. हा दुसरा आकडा साडेतीन लाखांपर्यंतही जाऊ शकतो, असं तोच अहवाल म्हणतो. शंभर वर्षांनी का होईना, चूक झाली असं कुणीतरी लिहून दिलं.

त्या आयोगाची जुनी वही आता संगणकावर आहे. बसऱ्याच्या दगडावर नाव नसलं तरी वहीत बऱ्याच शिपायांची नावं आहेत. काहींच्या पुढं वडिलांचं नाव, गाव, तालुकासुद्धा. गेल्या वर्षी पुण्याच्या नातवाला बसवलं. सुभेदारकाकांच्या वडिलांचं नाव मला ठाऊक होतं, काकांच्या नावात मधे तेच तर होतं. आडनाव ठाऊक होतं, पलटण ठाऊक होती. नातवानं टाकलं आणि एकाच नावाचे, एकाच आडनावाचे तीन शिपाई निघाले.

कुठला आपला?

गाव ठाऊक असतं तर प्रश्न मिटला असता. पण मी साठ वर्षं "सातारकडचे" एवढ्यावरच भागवलं होतं. ताटलीवर ना गाव होतं ना पलटण. त्या ताटल्यांवर फक्त नाव असायचं, हुद्दा नाही. आणि ताटली? ती १९९४ मध्ये जुनं घर पाडताना गेली. काका तोवर वारले होते, मुलं बाहेरगावी. घर रिकामं करताना भंगारवाल्यानं काय काय नेलं कुणाला ठाऊक. मी तेव्हा इथंच होतो. रोज येता-जाता बघत होतो. एकदा आत जाऊन ती चौकट मागून घ्यावी असं सुचलं नाही. त्याच सुमाराला आम्हीही आमचं घर पाडून स्लॅब टाकला. आमच्याही आढ्यातल्या चिमण्या तेव्हाच गेल्या, आणि तेही मला नंतर दोन-तीन वर्षांनी लक्षात आलं.

चिमणीबद्दलही एक गोष्ट अलीकडंच वाचली ती सांगतो. चिमणी माणसाजवळ राहायला लागली ती मध्यपूर्वेत, शेती सुरू झाली त्या काळात, साधारण दहा हजार वर्षांपूर्वी, असं अभ्यासक मानतात. माणसानं गहू-जव पेरलं, कणग्या भरल्या आणि ही त्याच्या घरात शिरली. मग शेती जिथं जिथं गेली तिथं तिथं ती आली. शर्कत आहे त्याच भागातलं. तिथल्या टेकाडाखाली अश्शूर नावाचं अतिप्राचीन शहर आहे. आजी म्हणायची ना, तेवढीच त्यास्नी सोबत. तिला हे काही ठाऊक नव्हतं, पण ज्या मुलखात तिचा नवरा राहिला, त्याच मुलखाकडून कधीकाळी आलेला पक्षी त्याच्या नावामागं घर करून होता.

आणि चिमण्या संपल्या असं आपण सरसकट म्हणतो, तेही पूर्ण खरं नाही. २०२० साली देशभरातल्या पक्ष्यांचा जो अहवाल आला, त्यात गेल्या पंचवीसेक वर्षांत चिमणी देशात एकंदरीत टिकून आहे, कमी झाली ती मुख्यतः मोठ्या महानगरांत, असं दिसलं. मोबाइलच्या टॉवरला आपण शिव्या देतो, पण त्याचा ठोस पुरावा नाही. साधी कारणं जास्त खरी वाटतात. भिंतीला भोक नाही, फोटो भिंतीला चिकटलेले, धान्य पिशवीतून निवडून येतं, त्यामुळं सूप नाही आणि अंगणही नाही. शिवाय पिलांना पहिले काही दिवस दाणे चालत नाहीत, अळ्या-किडे लागतात. औषधं मारून आपण तेही संपवले. म्हणजे चिमणी रुसली नाही, आपणच जागा बुजवल्या.

आता त्या तीन शिपायांचं. मी सुभेदारकाकांच्या मुलीचा फोन नंबर मिळवला. ती माझ्याहून दोन वर्षांनी लहान, कोल्हापूरला असते. तिला विचारलं, "तुमचं मूळ गाव कुठलं गं?" ती म्हणाली, "अरे, आम्ही दर वर्षी जत्रेला जातो की!" आणि गावाचं नाव सांगितलं. नातवानं पडद्यावर बोट ठेवलं. तिघांतल्या दुसऱ्या नोंदीत तेच गाव, तोच तालुका, आणि तारीख ऑक्टोबर १९१८ च्या शेवटची. फोनवरच तिला वाचून दाखवलं. बराच वेळ पलीकडून आवाज नाही. मग ती म्हणाली, "आजीनं हे नाव कधी घेतलं नाही रे. आम्हीपण मग कधी घेतलं नाही. थांब, मी लिहून घेते." आणि तिनं सावकाश, एकेक शब्द म्हणत ते नाव, वडिलांचं नाव, पलटण, गाव, तारीख लिहून घेतलं. पूर्वी काउंटरवर चेक लिहून देताना ग्राहक पुटपुटायचे ना, तसं.

मंडळी, म्हणून ही पोस्ट. बेळगावात, बडोद्यात, इंदुरात, ग्वाल्हेरात आपल्यापैकी कितीतरी घरांत कुणी ना कुणी पलटणीत होतं. घरात जुनं चांदीचं मेडल असेल तर त्याची कड बघा, पहिल्या महायुद्धातल्या मेडलच्या कडेवर नंबर, नाव आणि पलटण कोरलेली असते. वितळवायला देऊ नका. ताटली असेल तर फोटो काढून ठेवा. आणि काहीच नसेल तर निदान चार गोष्टी वहीत लिहा: पूर्ण नाव, वडिलांचं नाव, गाव, पलटण. मोडी-बाळबोध जे येईल त्यात लिहा, पण लिहा. आपल्याला ठाऊक आहे म्हणून आपण लिहीत नाही, आणि आपण गेलो की ते कुणालाच ठाऊक नसतं.

नातीचं खोकं अजून रिकामंच आहे. परवा एक नर चिमणा येऊन दाराशी बसला, आत डोकावला आणि उडाला. नात रोज बघते. मी तिला सांगितलंय, भिंत नवी आहे बाळ, त्यांना विश्वास बसायला वेळ लागणार.